दादासाहेबांचा जमाखर्च

बडोद्याच्या कलाभवनासमोरून आपण सगळेच कधी ना कधी जातो. आज तिथे महाराजा सयाजीराव विद्यापीठाची तंत्रज्ञान आणि अभियांत्रिकी शाखा आहे, आणि आपल्या मंडळातल्या निम्म्या घरांत तरी तिथून शिकलेलं एक माणूस सापडेल. सयाजीराव महाराजांनी १८९० मध्ये कलाभवन सुरू केलं, प्रमुख होते त्रिभुवनदास गज्जर. रंगकाम, छपाई, सुतारकाम, यंत्रं असं हाताने करायचं शिक्षण द्यायचं, ही कल्पना. त्या पहिल्या वर्षांत इथे चित्रकला आणि छायाचित्रण शिकून गेलेला त्र्यंबकेश्वरचा एक विशीतला मुलगा म्हणजे धुंडिराज गोविंद फाळके.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. शाळेच्या सामान्यज्ञानाच्या पुस्तकात एक ओळ असते: भारतीय चित्रपटाचे जनक. जनक म्हटलं की फोटोला हार घालून माणूस मोकळा होतो. मला मात्र गेल्या काही महिन्यांत फाळक्यांकडे वेगळ्या कारणाने पुन्हा जावं लागलं. माझ्या पुतणीने घरात जाहीर केलं की तिला चित्रपट निर्माती व्हायचं आहे. नटी नाही, दिग्दर्शक नाही, निर्माती. माझा भाऊ हबकला. त्याच्या डोक्यात निर्माता म्हणजे पांढरे बूट घातलेला, हातात सिगार धरलेला हिंदी सिनेमातला शेटजी. "आपल्याकडे पैसे कुठे आहेत?" हा त्याचा पहिला प्रश्न, आणि "मग तू करणार काय?" हा दुसरा. मी तीस-बत्तीस वर्षं बँकेत कर्जविभागात काढलेली, म्हणून दोघांनीही मला पंच नेमलं. मी म्हटलं, मला सिनेमातलं कळत नाही, पण ज्याने या देशात हा धंदा पहिल्यांदा केला त्याचे कागद वाचून सांगतो.

म्हणून हा लेख कलावंत फाळक्यांवर नाही. पैसे कुठून आणले, कशावर आणले, परत कसे फिरवले आणि शेवटी काय हाती राहिलं, एवढ्यावर आहे.

पहिली गोष्ट मला खटकली ती वयाची. फाळक्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० चा. 'राजा हरिश्चंद्र' मुंबईच्या कोरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये लागला ३ मे १९१३ ला. म्हणजे त्रेचाळीस पूर्ण होऊन तीन दिवस झाले होते. आमच्या पुतणीला चोविसाव्या वर्षीच उशीर झाल्यासारखं वाटतंय, म्हणून हे सांगितलं.

त्या आधीची वर्षं वाया गेलेली नव्हती, पण बाहेरून पाहणाऱ्याला तशीच वाटली असती. मुंबईच्या जे. जे. स्कूलमध्ये १८८५ साली प्रवेश, मग बडोदे. गोध्र्याला फोटो स्टुडिओ. फोटो काढला की आयुष्य कमी होतं अशी लोकांची भीती, त्यामुळे गिऱ्हाईक बेताचं, आणि वर प्लेग. त्यात पहिली पत्नी गेली. मधे जादूचे प्रयोग केले, 'प्रोफेसर केळफा' या नावाने. (फाळके उलटं वाचा.) मग पुरातत्त्व खात्यात ड्राफ्ट्समन आणि छायाचित्रकार, म्हणजे सरकारी नोकरी! ती सोडली आणि छपाईत पडले. राजा रविवर्म्यांच्या ओलिओग्राफचं काम केलं. इथेही आपल्या गावाचा एक धागा आहे: चित्रांच्या छापील प्रती काढा म्हणजे ती घरोघरी जातील, हे रविवर्म्यांना सुचवणाऱ्यांत बडोद्याचे दिवाण सर टी. माधवराव होते. फाळक्यांनी पुढे स्वतःचा छापखाना काढला, रंगीत छपाईची यंत्रं आणायला १९०९ मध्ये जर्मनीला जाऊन आले, धंदा चांगला चालू लागला आणि भागीदारांशी बिनसलं. छापखाना सोडला.

या यादीतलं एकही काम पुढे फुकट गेलं नाही. रसायनं, काच, प्रकाश, ठसे, रंगभूषा, हातचलाखी, कामगारांकडून वेळेत काम करून घेणं; निर्मात्याला लागणारं सगळं तिथे आहे. पण भागीदाराशी बिनसणं हेही त्याच यादीत आहे, आणि ते शेवटपर्यंत राहिलं. त्याकडे मी नंतर येतो.

छापखाना सुटल्यावर रिकामपणी त्यांनी गिरगावात तंबूतल्या पडद्यावर 'लाइफ ऑफ ख्राइस्ट' पाहिला. १९१०-११ चा सुमार. पडद्यावर ख्रिस्त दिसत होता आणि यांच्या डोळ्यांसमोर राम-कृष्ण, गोकुळ, अयोध्या. हे त्यांनीच पुढे 'नवयुग' मासिकातल्या लेखमालेत लिहून ठेवलं आहे. दुसऱ्या खेपेला ते पत्नीला, सरस्वतीबाईंना, बरोबर घेऊन गेले. मला हे महत्त्वाचं वाटतं. धंद्याची कल्पना त्यांनी पहिल्यांदा जिला दाखवली ती घर चालवणारी बाई होती, आणि तिचं मत मागितलं. त्यानंतरचे कित्येक महिने मिळेल तो चित्रपट बघायचा, यंत्रं मागवायची, रात्रीच्या रात्री जागायचं, असं चाललं. डोळे गेले. खरोखरच काही काळ दिसेनासं झालं आणि उपचारांनी दृष्टी परत आली.

आता पैसे.

विमा पॉलिसी तारण ठेवून त्यांनी कर्ज काढलं. चरित्रांत बारा हजारांच्या पॉलिसीवर दहा हजार असा आकडा येतो. बँकेतल्या माणसाची भुवई इथे वर जाते. आज पॉलिसीवर कर्ज मिळतं ते तिच्या सरेंडर व्हॅल्यूच्या ठरावीक टक्क्यांइतकं, छापलेल्या रकमेवर नाही. इतकी उदार रक्कम देणारा कागदाकडे बघून देत नाही, माणसाकडे बघून देतो. आणि इथेच या सगळ्या कथेतला मला सगळ्यात आवडलेला भाग येतो.

फाळक्यांनी एका कुंडीत मटाराचा दाणा पेरला. कॅमेरा त्यावर रोखून ठेवला आणि रोज थोडं थोडं चित्रण केलं, महिनाभराहून अधिक. मग ती फीत सलग चालवली. मिनिटभरात बी फुटतं, कोंब वर येतो, वेल चढतो. 'अंकुराची वाढ' असं त्या चिमुकल्या फितीचं नाव. ही त्यांनी पैसे देऊ शकतील अशा ओळखीच्या मंडळींना दाखवली. फोटोग्राफीच्या साहित्याचा व्यापार करणारे यशवंतराव नाडकर्णी यांचं मन वळलं ते हे पाहून.

विचार करा, या माणसाकडे सांगण्यासारखं काय नव्हतं? रामायण होतं, महाभारत होतं, संस्कृत पंडिताच्या घरात जन्म, बोलणं फर्डं. तो भागवतावर दोन तास बोलून सावकाराला रडवू शकला असता. पण त्याने मटार दाखवला. सावकाराला शंका असते ती एकच, याला हे जमतं का? त्या शंकेला त्याने उत्तर दिलं, आणि तेही स्वस्तात. एक कुंडी, थोडी फिल्म आणि रोज उठून न चुकता कॅमेऱ्याशी जायची शिस्त. मी नोकरीत असताना कर्जाचे शेकड्यांनी प्रस्ताव वाचले. रंगीत फायली, पाच वर्षांचे नफ्याचे अंदाज, सगळं असायचं. मटार फार थोड्यांनी दाखवला.

लोक पॉलिसी तारण ठेवल्याचं कौतुक करतात. मला त्याचं फारसं कौतुक नाही, खरं सांगायचं तर धास्तीच वाटते. घरात लहान मुलं होती. कौतुक आहे ते कुंडीचं. पुतणीलाही मी हेच सांगितलं, आणि भावाने तिच्यासमोरच सुटकेचा श्वास सोडला. घराचे कागद बाहेर काढावे लागणार नाहीत एवढंच त्याने त्यातून घेतलं बहुतेक.

१ फेब्रुवारी १९१२ ला फाळके लंडनला निघाले. तिथे ओळखीचं कोणी नाही. 'बायोस्कोप' या व्यवसायाच्या साप्ताहिकाच्या कचेरीची पाटी दिसली आणि ते सरळ आत गेले. संपादक कॅबोर्न यांनी आधी हा नाद सोडा असाच सल्ला दिला, मग माणसाची तयारी पाहून सेसिल हेपवर्थ या निर्मात्याच्या स्टुडिओत काम पाहायची सोय करून दिली. दोन महिन्यांत परत. बरोबर विल्यमसन कॅमेरा, फितीच्या कडेला भोकं पाडायचं यंत्र, छपाईचं यंत्र आणि कच्ची फिल्म. सगळ्या पैशातून वस्तू आल्या, हौस आली नाही, एवढं त्या खरेदीवरून दिसतं.

दादरला मथुरादास मकनजींच्या बंगल्यात काम सुरू झालं. इथे सरस्वतीबाईंचं नाव पुन्हा घ्यायला हवं, आणि ठळक. कच्ची फिल्म तेव्हा बिनभोकांची यायची. ती अंधारात बसून भोकं पाडण्याचं काम त्या करत. कॅमेऱ्यात फीत भरणं, रसायनं कालवणं, उन्हाचा झोत वळवायला पांढरी चादर धरून उभं राहणं त्यांनी केलं आणि त्याशिवाय साठ-सत्तर माणसांचा रोजचा स्वयंपाक. आजच्या चित्रपटाच्या शेवटी नावं धावतात त्यात हे पाच-सहा वेगळे विभाग असतात: लॅब, कॅमेरा असिस्टंट, लाइट, केटरिंग, प्रॉडक्शन मॅनेजर. आणि वर भांडवलदार, कारण अडचणीच्या वेळी दागिने काढून दिले तेही त्यांनीच. फाळके फिल्म्समध्ये फाळके दोन होते, पाटीवर नाव एकाचं.

नटांची कथा तुम्ही परेश मोकाशींच्या 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' (२००९) मध्ये पाहिली असेलच. नसेल तर या रविवारी मुलांना घेऊन बघा. चित्रपटात काम करतो म्हणणं तेव्हा लाजिरवाणं होतं, म्हणून कुणी विचारलं तर हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे असं सांगायचं. तारामतीसाठी बाई मिळेना. शेवटी ग्रँट रोडच्या एका खाणावळीत काम करणारा अण्णा साळुंके हा नाजूक चणीचा तरुण सापडला. तिथे त्याला महिना दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा देऊ केले असं सांगतात. हरिश्चंद्र झाले दत्तात्रय दाबके, रोहिदास झाला फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. शेवटचा हा निर्णय निर्मात्याच्या नजरेने पाहिला तर त्याचे दोन अर्थ निघतात. एक, आपल्या मुलाला कुणी स्मशानातल्या प्रसंगात मेलेलं दाखवू देईना. दुसरा, घरच्या पोराला पगार द्यावा लागत नाही.

सहा महिने सत्तावीस दिवसांत ३,७०० फूट लांबीचा चित्रपट तयार झाला. २१ एप्रिल १९१३ ला ऑलिंपियात निवडक लोकांना दाखवला आणि मग ३ मे. चित्रपटाच्या जोडीला नाच, विनोदी प्रवेश आणि पायांनी वस्तू झेलणारा एक कसरतपटू असा भरगच्च कार्यक्रम होता. म्हणजे थिएटरवाल्याचा अजून पूर्ण विश्वास नव्हता.

मुंबईत चाललं. पण बाहेर? इथे सुरतेची गोष्ट येते आणि आपण गुजरातेत राहणाऱ्यांनी ती नीट ऐकावी. पहिल्या दिवशी गल्ला जमला म्हणे तीन रुपये. थिएटरवाल्याने सांगितलं, अहो, इथले लोक दोन आण्यात सहा तास नाटक बघतात, तुमचा खेळ तासा-दीड तासात संपतो आणि पैसे जास्त, कोण येणार? खेळ लांबवा नाहीतर दर उतरवा. फाळक्यांनी दोन्ही केलं नाही. त्यांनी जाहिरात बदलली. सत्तावन्न हजार फोटोंचा खेळ, दोन मैल लांबीचं चित्र, सगळं मिळून फक्त तीन आणे! दुसऱ्या दिवशी रांग लागली.

मी कागद-पेन्सिल घेऊन बसलो. एका फुटात सोळा चित्रं येतात. ३,७०० गुणिले सोळा, ५९,२००. म्हणजे सत्तावन्न हजार फोटोंचा दावा खराच होता, उलट थोडा कमीच. दोन मैलांचं मात्र गणित बसत नाही. ३,७०० फूट म्हणजे पाऊण मैलाच्याही आत. पण त्या जाहिरातीतली हुशारी आकड्याच्या खरेखोटेपणात नाही. सुरतेचा माणूस हिशेबी आहे, पैशाच्या बदल्यात माल किती ते बघतो, हे ओळखून फाळक्यांनी वेळेऐवजी नग मोजून दिले. आजही स्वतंत्र निर्मात्याचे चित्रपट पडतात ते इथेच. चित्रपट होतो, पैसा संपतो, आणि तो गावोगावच्या माणसाला कसा सांगायचा यासाठी ना पैसा उरतो ना त्राण.

पुढे १९१३ मध्येच फाळके नाशिकला गेले. 'मोहिनी भस्मासुर' मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला (पुढे कमलाबाई गोखले) या मायलेकी पडद्यावर आल्या, तारामतीचा प्रश्न सुटला. मग 'सत्यवान सावित्री'. तिन्ही चित्रपट घेऊन १९१४ मध्ये पुन्हा लंडन. तिथे कौतुक झालं, तिथेच राहून चित्रपट काढण्याचा प्रस्तावही आला, तो त्यांनी नाकारला. स्वदेशीचा ध्यास तर होताच. शिवाय दुसऱ्याच्या आवारात आपण नोकरच, हेही त्यांना कळत असणार.

परत आले तो महायुद्ध पेटलेलं. पैसे घालणारे मागे सरले होते, नाशिकचं काम बंद पडायला आलं होतं. कच्चा माल विलायतेचा, तो महाग आणि दुर्मिळ. तीन यशस्वी चित्रपट देऊन माणूस कर्जात. हे आमच्या भावाला पटेना. "तीन चाललेले ना? मग पैसे गेले कुठे?" उत्तर सोपं आहे आणि क्रूर आहे. आधीच्या चित्रपटाचा पैसा पुढच्या चित्रपटात. यंत्रं, स्टुडिओ, माणसांचे पगार, लंडनचा प्रवास. हातात रोकड अशी राहतच नाही. किराणा दुकानदार सुद्धा वर्षाला थोडं बाजूला टाकतो. फाळक्यांनी टाकलेलं कुठे दिसत नाही. संस्थानिकांना खेळ दाखव, ओळखीच्यांना पत्रं लिही, वर्तमानपत्रांतून लोकांना आवाहन कर, अशी दोनेक वर्षं काढली.

आणि मग १९१७ चं 'लंकादहन'. अण्णा साळुंके राम आणि सीता दोन्ही झाले. लोक चपला बाहेर काढून बसत म्हणे. मद्रासमध्ये जमलेली नाणी बैलगाडीत घालून पोलीस बंदोबस्तात न्यावी लागली, ही कथा तेव्हापासून सांगितली जाते. अशा गाडीच्या मागून अर्थातच भागीदार येतात. १९१८ च्या सुरुवातीला वामन श्रीधर आपटे, मायाशंकर भट्ट, माधवजी जेसिंग, गोकुळदास दामोदर अशा मंडळींच्या भांडवलावर हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. फाळके आता एकटे नव्हते. 'श्रीकृष्णजन्म', मग १९१९ मध्ये 'कालियामर्दन'. त्यात कृष्ण झाली ती त्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी. तो उरलेला तुकडा मिळाला तर जरूर बघा, सुरुवातीलाच ती कॅमेऱ्यासमोर नुसत्या चेहऱ्याने एकेक भाव करून दाखवते, आणि शंभर वर्षांनंतरही हसू येतं.

धंद्याच्या दृष्टीने हे सगळ्यात सुरक्षित दिवस. पगार वेळेवर, सावकार दारात नाही. आणि इथेच ते बिनसलं. पैसे घातलेल्यांना हिशेब हवा होता, खर्चाला चाप हवा होता, वेळेत माल हवा होता. फाळक्यांना मनासारखं चित्र हवं होतं. कंपनी सोडून ते काशीला निघून गेले आणि तिथे 'रंगभूमी' नावाचं नाटक लिहीत बसले.

इथे आपल्या लेखांत भांडवलदारांना खलनायक करण्याची पद्धत आहे. माझं मत वेगळं आहे. पैसे घालणाऱ्याने हिशेब मागितला तर त्यात पाप नाही, मी आयुष्यभर तेच केलं. पण मागणी कधी आणि कशी करायची हे दोन्ही बाजूंनी आधी लिहून ठरवायला हवं होतं. फाळक्यांना दुसऱ्याच्या पैशावर चालणारी पण स्वतःच्याच हुकमाची कंपनी हवी होती. अशी कंपनी जगात कुठे नसते. छापखान्यात हेच झालं होतं, दहाएक वर्षांत ते बदललं नाही. काशीहून ते परत आले, त्याच कंपनीत चित्रपट काढले, पण घरचे मालक म्हणून नाही.

त्याच काळात कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी गायिका तानीबाई कागलकरांच्या मदतीवर महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. तिथूनच बाहेर पडलेल्या शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर या चौघांनी सीतारामपंत कुलकर्णी या सराफाला पाचवा भागीदार घेऊन १९२९ मध्ये 'प्रभात' काढली. चार हातांनी काम करणारे, एक पैशाचं बघणारा. फाळक्यांच्या बाबतीत पाचवा माणूस होता, पण तो भागीदार आहे हे त्यांनी मनातून कधी मान्य केलं असं दिसत नाही.

पुतणी म्हणाली, काका, हे सगळं शंभर वर्षांपूर्वीचं. आत्ताचं सांगा. मग आम्ही दोघांनी मिळून शोधलं. आपल्या शेजारचंच उदाहरण, 'मंथन'. १९७६ साली गुजरातच्या दूध सहकारी संघाच्या पाच लाख शेतकऱ्यांनी प्रत्येकी दोन रुपये दिले, दहा लाखांत श्याम बेनेगलांचा चित्रपट झाला. पाच लाख निर्माते! पण त्यातली मेख अशी की तेच पुढे प्रेक्षक झाले. ट्रक भरभरून आपलाच सिनेमा बघायला गेले. दुसरं टोक म्हणजे चैतन्य ताम्हाणेंचा 'कोर्ट' (२०१४). विवेक गोम्बर या नटाने दिग्दर्शकावर विश्वास ठेवून पैसे घातले आणि त्यातल्या गुजराती वकिलाची, विनय व्होराची, भूमिकाही केली. व्हेनिसला बक्षिसं मिळाली, मग भारतात दारं उघडली. आणि ज्याला कुठेच ओळख नाही त्याने गोव्याला जावं. तिथे इफ्फीच्या वेळी २००७ पासून फिल्म बाजार भरतो. अर्धवट झालेले चित्रपट, नुसत्या पटकथा घेऊन लोक येतात आणि भांडवल, वितरक, परदेशी भागीदार शोधतात. कॅबोर्नच्या कचेरीत पाटी वाचून घुसण्याची ती आजची सोय.

काम मात्र तेच. पटकथा निवडणं, अंदाजपत्रक, कोणाला किती आणि कधी द्यायचे याचे करार, परवानग्या, विमा, शूटिंगच्या दिवसांचा हिशेब, सेन्सॉरचं प्रमाणपत्र, वितरकाची टक्केवारी, ओटीटी आणि टीव्हीचे हक्क वेगवेगळे विकणं, आणि प्रसिद्धीचा पैसा शूटिंग संपायच्या आधीच बाजूला बांधून ठेवणं. भावाला ही यादी वाचून दाखवली. तो थोडा वेळ गप्प बसला आणि म्हणाला, "हे तर लग्न काढण्यासारखं आहे." फार चुकीचं नाही.

सध्या ठरलंय ते असं. घर तारण नाही, तिची आणि आईची सोनसाखळीही नाही. तिने दोन वर्षं मुंबईत कुणा निर्मात्याच्या हाताखाली पगारावर काम करायचं. दरम्यान स्वतःच्या बचतीतून पाच मिनिटांची फिल्म करायची. विषय तिने निवडलाय, मांडवीजवळच्या जुन्या बाजारातल्या पतंगवाल्यांचा उत्तरायणाआधीचा महिना. त्याचा रोजचा खर्च ती वहीत लिहिते आणि दर रविवारी मला दाखवते. चहाचे पैसे सुद्धा.

फाळक्यांची वही शेवटी कशी मिटली तेही सांगतो. १४ मार्च १९३१ ला 'आलम आरा' आला आणि पडदा बोलू लागला. त्यांचा 'सेतुबंधन' मूक म्हणूनच तयार झाला होता, त्यावर मागाहून आवाज चढवावा लागला. १९३७ मध्ये कोल्हापूर सिनेटोनसाठी 'गंगावतरण', त्यांचा पहिला आणि शेवटचा बोलपट, वयाच्या सदुसष्टाव्या वर्षी, दुसऱ्याच्या कंपनीत. १६ फेब्रुवारी १९४४ ला नाशिकला ते गेले. त्यांच्या नावाचा पुरस्कार १९६९ साठीचा पहिल्यांदा देविकाराणींना मिळाला. 'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पुण्याच्या संग्रहालयात आज पहिलं आणि शेवटचं अशी दोनच आहेत, आणि ती १९१३ ची की १९१७ मध्ये पुन्हा चित्रित केलेल्या प्रतीची, यावर अभ्यासक अजून भांडतात. मटाराच्या वेलाची फीत उरलेली नाही.